पीएच्या खुर्चीतून लोकसभेकडे: ठाणे-नवी मुंबईतल्या नवख्यांसाठी

खासदाराच्या जनसंपर्क कार्यालयात दोन-तीन वर्षं काढली की बहुतेकांचा एक समज होतो. वॉर्ड ऑफिसर फोन उचलतो, पोलीस ठाण्यात बसायला खुर्ची मिळते, शाखाप्रमुख साहेबांची वेळ आपल्याला विचारून ठरवतात. म्हणजे आपलं राजकारण मार्गी लागलं. पण तो फोन साहेबांच्या नावाने उचललेला असतो. साहेब पडले किंवा पक्ष फुटला की आठवडाभरात कळतं, यातली आपली माणसं किती होती. म्हणून दोन कामं पहिल्या दिवसापासून बरोबरीने चालवायची: कार्यालयात बसून कामकाज शिकायचं, आणि कार्यालयाबाहेर स्वतःच्या नावाची मतं जमवायची. दुसरं काम राहिलं तर पहिलं तुम्हाला फार तर चांगला पीए करतं.

वाट आहे, यात शंका नाही. दिलीप वळसे पाटील शरद पवारांचे स्वीय सहायक होते, १९९० मध्ये आंबेगावातून आमदार झाले. देवेंद्र फडणवीसांच्या कार्यालयातले अभिमन्यू पवार २०१९ मध्ये औशातून आणि सुमित वानखेडे २०२४ मध्ये आर्वीतून निवडून आले. उद्धव ठाकरेंचे सहायक मिलिंद नार्वेकर २०२४ मध्ये विधान परिषदेवर गेले. पण हे सगळे गेले विधिमंडळात. एका विधानसभेपुरती ताकद नेत्याच्या पाठबळावर उभी राहू शकते. लोकसभेला तशा सहा विधानसभा लागतात. ठाण्यात तर २००९ पासून निवडून आलेले तिन्ही खासदार, संजीव नाईक, राजन विचारे आणि नरेश म्हस्के, आधी महापौर होते. पहिले नवी मुंबईचे, बाकीचे दोघे ठाण्याचे. इथे महापालिकेला वळसा घालून जाणारा रस्ता शोधत बसू नका.

आधी नकाशा

ठाणे लोकसभेत सहा विधानसभा येतात: मीरा-भाईंदर, ओवळा-माजिवडा, कोपरी-पाचपाखाडी, ठाणे, ऐरोली आणि बेलापूर. कळवा-मुंब्रा ठाणे महापालिकेत असलं तरी लोकसभेला कल्याणमध्ये जातं. खारघर, पनवेल, उरण हे मावळमध्ये. खारघरचा मुलगा ठाण्याच्या खासदाराकडे कामाला लागतो, पाच वर्षं ठाण्यातली माणसं जोडतो आणि मग त्याच्या लक्षात येतं की आपलं घर, सोसायटी, शाळेतले मित्र हे सगळं दुसऱ्याच मतदारसंघात आहे. कायद्याने लोकसभेचा उमेदवार देशातल्या कुठल्याही लोकसभा मतदारसंघाचा मतदार असला तरी चालतं. महापालिकेला मात्र त्या शहराच्या यादीत नाव लागतं, आणि आपली पहिली पायरी तीच आहे.

तेव्हा नोकरी शोधण्याआधी मतदार यादीतलं आपलं नाव, भाग क्रमांक आणि अनुक्रमांक पाहून घ्या. पत्ता बदलला असेल तर फॉर्म ८ भरा. दोन ठिकाणी नाव असेल तर एक काढून टाका. दोन ठिकाणी नाव ठेवणं गुन्हा आहे आणि विरोधक ते बरोबर ऐनवेळी बाहेर काढतात.

कुठल्या कार्यालयात आणि कुठल्या कामाला

कामाचे तीन प्रकार. मतदारसंघातला पीए: निवेदनं, पत्रं, दौरे, लग्न-बारसं-दशक्रिया. दिल्लीतला संसदीय सहायक: प्रश्न, भाषणाचे मुद्दे, विधेयकांची टिपणं. तिसरा मंत्र्याच्या कार्यालयातला विशेष कार्य अधिकारी. तिथे अधिकार जास्त असतो, पण शासकीय चौकट असल्यामुळे पक्षाचं काम करता येत नाही.

निवडणूक लढवायची आहे त्याने मतदारसंघात बसावं आणि अधिवेशनाच्या काळात दिल्लीला जाण्याची मुभा मागून घ्यावी. नुसत्या दिल्लीच्या कामाने माणूस हुशार होतो, पण वागळे इस्टेटमध्ये त्याला कोणी ओळखत नाही. कामकाजाचा पाया पक्का करायचा तर पीआरएस या संस्थेची लॅम्प फेलोशिप चांगली. पदवी झालेल्या तरुणांना त्यात सुमारे ११ महिने एका खासदारासोबत काम मिळतं, पावसाळी अधिवेशनापासून अर्थसंकल्पी अधिवेशनापर्यंत. वयाची अट कडक असते, म्हणून पदवीनंतर लगेच अर्ज करावा. आपल्याच मतदारसंघात, भाईंदरजवळ उत्तनला असलेली रामभाऊ म्हाळगी प्रबोधिनी १९८२ पासून कार्यकर्त्यांना आणि लोकप्रतिनिधींना प्रशिक्षण देते. ज्यांच्या नावाने ती आहे ते म्हाळगी १९७७ आणि १९८० मध्ये ठाण्याचे खासदार होते.

पगाराचं आधीच स्पष्ट करून घ्या, लाजू नका. खासदाराला कार्यालयीन खर्चासाठी महिना ७५,००० रुपये मिळतात. त्यातले २५,००० लेखनसामग्रीचे आणि ५०,००० सहायकांचे. सहायकाची रक्कम खासदाराने नाव प्रमाणित केल्यावर थेट त्याच्या खात्यात जाते. पण दिल्लीत एक आणि मतदारसंघात तीन-चार माणसं असली की ५०,००० पुरत नाहीत; उरलेल्यांचे पगार खासदार कुठून तरी करतो. म्हणून पहिल्याच बैठकीत विचारा: माझं नाव लोकसभा सचिवालयाला जाणार का, पैसे कोण देणार, किती तारखेला, दिल्लीच्या तिकिटाचा खर्च कोणाचा. ‘बघू रे, तू आपलाच आहेस’ असं उत्तर आलं तर पगार नाही असं समजून घरखर्चाची दुसरी सोय करा. या क्षेत्रातली चांगली मुलं राजकारणाला कंटाळून फारशी जात नाहीत, घरभाडं थकलं की जातात.

मुलाखतीला बायोडेटापेक्षा नमुना घेऊन जावं. एखाद्या सोसायटीचं खरं निवेदन घ्या, त्यावर संबंधित अधिकाऱ्याला मराठीत आणि केंद्रीय मंत्रालयाला इंग्रजीत असं एकेक पानाचं पत्र तयार करा. एवढं पाहिलं की खासदाराला कळतं. युनिकोडमध्ये मराठी टंकलेखन, हिंदीत फोनवर बोलणं आणि इंग्रजीत बिनचूक पत्र या तीन गोष्टी लागतात. मीरा-भाईंदरमध्ये तिसऱ्यापेक्षा दुसरी जास्त.

पहिले सहा महिने: निवेदन, पत्र, पाठपुरावा

कार्यालयात येणाऱ्या दहा कामांपैकी सात-आठ खासदाराच्या अखत्यारीतली नसतात. पाणी, गटार, कचरा, अनधिकृत फेरीवाले ही महापालिकेची कामं. पोलीस, सातबारा, सिडकोचे साडेबारा टक्क्यांचे भूखंड, एमआयडीसी ही राज्याची. रेल्वे, टपाल, पासपोर्ट, भविष्य निर्वाह निधी, जेएनपीए बंदर, विमानतळ, खारफुटी आणि सीआरझेडचे (किनाऱ्यालगतच्या बांधकामाचे) नियम ही केंद्राची. रेल्वेतही एक गोम आहे: ठाणे स्थानक आणि ठाणे-वाशी मार्ग मध्य रेल्वेच्या मुंबई विभागाकडे, तर मीरा रोड आणि भाईंदर पश्चिम रेल्वेकडे. एकाच मतदारसंघातून दोन वेगळ्या विभागीय व्यवस्थापकांना पत्रं जातात आणि नवा पीए पहिल्या महिन्यात हमखास चुकीच्या माणसाला पत्र पाठवतो.

काही कामांत दोन मालक असतात, आणि पीएचा खरा कस तिथे लागतो. ऐरोली-कळवा उन्नत रेल्वेमार्ग घ्या. रेल्वेचा प्रकल्प केंद्राचा, पण मार्गातल्या घरांचं पुनर्वसन राज्याच्या यंत्रणेकडे. पहिल्या टप्प्यातलं दिघा गाव स्थानक जानेवारी २०२४ मध्ये सुरू झालं. पुढचा टप्पा पुनर्वसनापाशी अडला. अशा वेळी रेल्वेमंत्र्यांना दहा पत्रं लिहून काही होत नाही. दोन्ही यंत्रणांचे अधिकारी एका टेबलावर आणावे लागतात आणि बैठकीचं इतिवृत्त आपणच लिहून सह्यांसाठी फिरवावं लागतं. इतिवृत्त ज्याने लिहिलं, बैठक त्याची.

निवेदनांसाठी नोंदवही ठेवा, वही असो की एक्सेल. रकाने असे: तारीख, नाव, मोबाइल, मतदार यादीचा भाग क्रमांक, विषय, कोणाकडे पाठवलं, जावक क्रमांक, पुढची पाठपुराव्याची तारीख, निकाल. यातला भाग क्रमांकाचा रकाना कोणी ठेवत नाही, आणि पुढे तुम्हाला सर्वांत उपयोगी पडणारा रकाना तोच. पत्राचे नियम साधे आहेत. एका पत्रात एकच विषय. पत्र निर्णय घेणाऱ्याच्या नावाने. मूळ निवेदनाची प्रत जोडलेली. जावक क्रमांक, पोच, आणि पंधरा दिवसांनी त्या टेबलावर फोन. ‘योग्य ती कार्यवाही व्हावी’ असं लिहिलेलं पत्र फायलीत जाऊन निजतं. ‘अमुक आदेश अमुक तारखेपर्यंत काढावा’ असं लिहिलं की त्याला निदान नकार तरी येतो, आणि नकाराला अपील असतं.

नवख्याला अडचणीत आणणाऱ्या चार गोष्टी आधीच सांगून ठेवतो.

सही केलेली कोरी लेटरहेडं कपाटात ठेवू नका. रेल्वेच्या आपत्कालीन कोट्यासाठी खासदाराचं पत्र चालतं, म्हणून दलाल अशा पानांवर टपलेले असतात. प्रत्येक कोटा-पत्रावर पीएनआर, प्रवाशाचं नाव आणि मोबाइल नोंदवा आणि प्रत ठेवा. आठवड्यातून तीनदा तोच माणूस वेगवेगळ्या ‘नातेवाइकांसाठी’ आला तर तो नातेवाईक नव्हे. मागणी गाडीच्या आदल्या दिवशी दुपारपर्यंत पोचायला हवी; गाडी सुटायच्या दोन तास आधीचे फोन नम्रपणे टाळा.

केंद्रीय विद्यालयातला खासदार कोटा २०२२ मध्ये बंद झाला. जून महिन्यात पालक तरीही येतात. त्यांना झुलवत ठेवू नका, तिथल्या तिथे सांगा.

पंतप्रधान राष्ट्रीय मदतनिधीची शिफारस उपचार होण्याआधी करायची असते. बिल भरून झालं की ते काम जवळजवळ गेलंच. रुग्णालयाचं मूळ खर्चपत्रक, उत्पन्नाचा दाखला, रहिवासाचा पुरावा आणि फोटो एका पाकिटात तयार ठेवायला नातेवाइकांना शिकवा. धर्मादाय रुग्णालय असेल तर आधी तिथल्या राखीव खाटांची चौकशी करा: १० टक्के निर्धनांसाठी, १० टक्के दुर्बल घटकांसाठी. हे काम तासाभरात होऊ शकतं आणि कुटुंब ते आयुष्यभर विसरत नाही.

चौथी गोष्ट पैशाची. ‘चहापाणी’ म्हणून आलेलं पाकीट पहिल्यांदा परत केलं की दुसऱ्यांदा येत नाही. पहिल्यांदा घेतलं की बातमी साहेबांच्या आधी विरोधकांकडे पोचते.

दिल्लीचं काम: प्रश्न विचारणं

लोकसभेच्या प्रश्नाची सूचना उत्तराच्या दिवसाआधी किमान १५ पूर्ण दिवस द्यावी लागते. एका दिवसासाठी एका सदस्याला तारांकित (तोंडी उत्तराचे) आणि अतारांकित (लेखी उत्तराचे) मिळून ५ सूचना देता येतात. मंत्रालयं आठवड्याच्या पाच दिवसांत वाटलेली असतात, म्हणून आधी तक्ता पाहायचा: रेल्वेचा वार कोणता, नागरी विमान वाहतुकीचा कोणता. सोडत निघते. दिवसाला २० तारांकित प्रश्न यादीत येतात, त्यातले सभागृहात तोंडी होतात ते थोडेच. २३० पर्यंत अतारांकित प्रश्नांना लेखी उत्तर मिळतं. लेखी उत्तराला कमी लेखू नका. मंत्रालयाने छापील आकडा दिला की पुढे वर्षभर तो महापालिकेच्या आणि रेल्वेच्या बैठकांत दाखवता येतो.

प्रश्न फेटाळला जातो तो बहुतेक वेळा विषय राज्याचा म्हणून. ‘ठाण्यात पाणीटंचाई का आहे?’ हा प्रश्न जाणार नाही. ठाणे शहराचं स्वतःचं धरण नाही; पाणी स्टेम ही पाणीपुरवठा कंपनी, एमआयडीसी, मुंबई महापालिका आणि स्वतःची योजना अशा चार ठिकाणांहून येतं, आणि हा सगळा मामला केंद्राच्या बाहेरचा. हाच प्रश्न असा लिहा: अमृत २.० अभियानात ठाणे आणि नवी मुंबई महापालिकांच्या कोणत्या पाणीपुरवठा प्रकल्पांना मंजुरी मिळाली. प्रत्येकाला किती केंद्रीय निधी मंजूर झाला, किती वितरित झाला, किती खर्च झाला. आणि काम मुदतीत नसल्यास कारणं काय. आता विषय केंद्रीय निधीचा झाला. प्रश्न १५० शब्दांत बसवा, त्यात मत, उपरोध किंवा वर्तमानपत्रातली बातमी घालू नका. नियम ३७७ खालच्या निवेदनाला २५० शब्दांची मर्यादा आहे. ते मतदारसंघाच्या मागणीसाठी वापरतात आणि संबंधित मंत्री पुढे लेखी उत्तर पाठवतो.

एक सावधगिरी. २००५ मध्ये पैसे घेऊन प्रश्न विचारल्याबद्दल दोन्ही सभागृहांतल्या ११ सदस्यांची हकालपट्टी झाली होती. डिसेंबर २०२३ मध्ये महुआ मोईत्रांना लोकसभेतून काढलं ते प्रश्न दाखल करायच्या पोर्टलचं लॉगिन दुसऱ्याला दिल्याच्या प्रकरणात. त्याच सुमारास सचिवालयाने खासदारांच्या वतीने सहायकांनी पोर्टलवर लॉगिन करणं बंद केलं. तुम्ही मसुदा करा, छापून किंवा मेलने द्या. सूचना खासदाराने स्वतः दाखल करायची. ‘साहेबांना वेळ नाही, पासवर्ड माझ्याकडे आहे’ असं अभिमानाने सांगणारा पीए साहेबांचं पद धोक्यात घालतो आहे.

खासदार निधी

वर्षाला ५ कोटी. खासदार काम सुचवतो; मंजुरी, निविदा आणि बिल जिल्हा प्रशासन पाहतं. १५ टक्के अनुसूचित जातींच्या वस्तीसाठी आणि ७.५ टक्के अनुसूचित जमातींच्या वस्तीसाठी ठेवायचे असतात.

आपल्याकडे हा निधी अडतो तो जमिनीवरून. सोसायटीच्या आवारातला रस्ता, पेव्हर ब्लॉक, बाग ही खासगी जागा, तिथे निधी चालत नाही. धार्मिक स्थळाला चालत नाही. नवी मुंबईत जागा सिडकोची की महापालिकेकडे हस्तांतरित झालेली, हे ना हरकत पत्रावरून ठरतं. ते हातात येण्याआधी नारळ फोडला की फलक लागतो आणि काम होत नाही. फलक वर्षभर तसाच राहिला तर मतदार तो मोजत असतो. जिल्ह्यात खासदाराच्या अध्यक्षतेखाली ‘दिशा’ या केंद्राच्या योजनांवर देखरेख ठेवणाऱ्या समितीची बैठक होते. तिच्यासाठी मागच्या बैठकीचे मुद्दे आणि त्यावर काय झालं हे दोन रकान्यांत काढून ठेवणारा पीए एका वर्षात जिल्ह्याचं प्रशासन आतून ओळखायला लागतो.

स्वतःचा बूथ

आता कार्यालयाबाहेरचं काम. ठाणे लोकसभेत २०२४ मध्ये सुमारे २५ लाख मतदार होते आणि मतदान केंद्रं दोन हजारांच्या वर. एवढं कोणाच्याच हातात नसतं. तुम्ही एक केंद्र घ्या, आपल्या घराचं. साधारण हजार-बाराशे मतदार, तीन-चारशे घरं.

पक्षाकडून बूथ लेव्हल एजंट म्हणून नेमणूक लेखी घ्या. यादी छापून घरोघर फिरा आणि चार खुणा करा: मयत, स्थलांतरित, दुबार, नाव नसलेला. नवीन नावाला फॉर्म ६, वगळण्यासाठी ७, दुरुस्ती आणि पत्ताबदलाला ८. कोपरखैरणे, घणसोलीत अकरा महिन्यांच्या करारावर राहणारी कुटुंबं इतकी आहेत की यादी दरवर्षी शिळी होते. घोडबंदर रोडच्या टॉवरमध्ये उलटं: माणसं स्वतःच्या घरात राहतात, नाव अजून मुलुंड-भांडुपला. तिथे सोसायटीच्या सचिवाला धरून रविवारी सकाळी दोन तास नोंदणीचं टेबल लावलं तर महिनाभर दारं ठोठावण्यापेक्षा जास्त काम होतं. नवी मुंबईत गावठाण आणि नोड (सिडकोने वसवलेले भाग) यांचं राजकारण वेगळं. गावठाणात भावकी आणि घराच्या नियमितीकरणाचा प्रश्न, नोडमध्ये पाण्याची वेळ आणि पार्किंग, माथाडी वस्तीत सातारा-सांगलीकडची गावं. तिन्हीकडे एकच भाषण चालत नाही.

मतदानाच्या दिवशी एजंट म्हणून केंद्रात बसा, निदान एका निवडणुकीत तरी. मतदान सुरू होण्याच्या ९० मिनिटं आधी अभिरूप मतदान असतं, किमान ५० मतं टाकून यंत्र तपासतात; उशिरा पोचलात तर ते तुमच्याविना होतं. संध्याकाळी केंद्राध्यक्षांकडून फॉर्म १७-सी ची, म्हणजे केंद्रावर पडलेल्या मतांच्या हिशोबाची, प्रत सहीसह घेतल्याशिवाय उठू नका. मतमोजणीला त्या आकड्याशी यंत्रातला आकडा जुळवून पाहायचा असतो. भूक लागली म्हणून चार वाजता उठून गेलेले एजंट दर निवडणुकीत सापडतात.

एक केंद्र सलग दोन निवडणुकांत नीट सांभाळलं, त्याचे आकडे दाखवता आले, की पक्ष आपणहून आठ-दहा केंद्रं देतो. तिकीट मागताना साहेबांच्या ओळखीपेक्षा ही वही पुढे ठेवायची.

महापालिका

नगरसेवकपदाला वय २१ पुरतं. जानेवारी २०२६ मध्ये ठाण्यात ३३ प्रभागांतून १३१ आणि नवी मुंबईत २८ प्रभागांतून १११ जागांसाठी निवडणूक झाली, एकेका प्रभागात बहुतेक चार जागा. पॅनेल पद्धतीत तुमचं भवितव्य बाकीच्या तिघांच्या हातात असतं. २०११ च्या जनगणनेच्या हिशोबाने ठाण्यातल्या चार जागांच्या प्रभागाची लोकसंख्या पन्नास हजारांच्या वर जाते, म्हणजे एका बूथचा माणूस इथे कमी पडतो, पण चौघांत एक भरवशाचा बूथवाला पक्षाला हवा असतो. अर्ध्या जागा महिलांच्या. आरक्षण सोडतीने बदलतं, म्हणून शेजारच्या प्रभागातही थोडं काम ठेवा.

इथे अर्ज बाद होण्याची किंवा पद जाण्याची कारणं ठरलेली आहेत: १२ सप्टेंबर २००१ नंतर जन्मलेलं तिसरं अपत्य, मालमत्ता कराची थकबाकी, महापालिकेशी ठेकेदारी, स्वतःचं किंवा कुटुंबाचं अनधिकृत बांधकाम, आणि राखीव जागेवर जात वैधता प्रमाणपत्र नसणं. गावठाणातल्या उमेदवाराने वाढीव मजल्याचे कागद आधी वकिलाला दाखवावेत. वैधतेसाठी अर्ज निवडणुकीच्या वर्षात करू नका. त्या वर्षी समितीसमोर अख्खा जिल्हा उभा असतो.

नगरसेवक झालात तर स्थायी समिती किंवा सभागृहातलं पद मिळवा. अर्थसंकल्पाचा हिशोब तिथे कळतो, आणि खासदारकीला नाव पुढे येतं तेव्हा सहाही विधानसभांतले लोक तुम्हाला निदान चेहऱ्याने ओळखत असले पाहिजेत. त्यासाठी महापौरपदाइतकं उपयोगी दुसरं पद इथे नाही.

खुर्ची कधी सोडायची

सगळ्यात जास्त जण इथे चुकतात. साहेबांच्या मुलाला किंवा भावाला जिथून उतरवायचं आहे तिथून तुम्ही इच्छुक झालात तर तुमचं काम त्याच दिवशी थांबतं. म्हणून इच्छा वर्तमानपत्रातून कळू देऊ नका. निवडणुकीच्या दीड-दोन वर्षं आधी साहेबांना स्वतः, एकट्यात, नेमका प्रभाग सांगून विचारा. होकार मिळाला तर पीएचं काम दुसऱ्याला शिकवायला घ्या. नकार मिळाला तर किंमत निवडणुकीच्या तोंडावर मोजण्यापेक्षा तेव्हाच मोजलेली बरी. बाहेर पडताना कार्यालयाची नोंदवही नेऊ नका. ती माहिती लोकांनी खासदाराला दिलेली असते. तुमच्या बूथची वही तुमची.

शासकीय पगारावर असलेल्यांनी राजीनामा द्यायचा, तो मंजूर झाल्याचं पत्र हातात घ्यायचं आणि मगच प्रचाराला लागायचं. लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या कलम १२३(७) प्रमाणे शासकीय सेवकाची मदत घेणं हे भ्रष्ट आचरण ठरतं. १२ जून १९७५ ला अलाहाबाद उच्च न्यायालयाने इंदिरा गांधींची रायबरेलीची निवडणूक रद्द केली, त्यातलं एक कारण यशपाल कपूर होते. पंतप्रधान सचिवालयातले हे विशेष कार्य अधिकारी राजीनामा अमलात येण्याआधीच प्रचाराला लागले असं न्यायालयाने मानलं. पुढे कायदा बदलला आणि सर्वोच्च न्यायालयात निकाल फिरला, पण तोवर देशात आणीबाणी लागली होती. एका सहायकाच्या राजीनाम्याच्या तारखेवर एवढं होऊ शकतं.

राज्यसभेची आडवाट

सहायक थेट संसदेत गेल्याची उदाहरणं बहुतेक राज्यसभेची आहेत. इंदिरा गांधींचे सचिव आर. के. धवन आणि नितीश कुमारांचे प्रधान सचिव राहिलेले आर. सी. पी. सिंह तिथेच गेले. म्हाळगी प्रबोधिनीचं काम पाहणारे विनय सहस्रबुद्धे २०१६ मध्ये राज्यसभेवर गेले. वय ३० लागतं. महाराष्ट्राच्या १९ जागा, मतदार २८८ आमदार. सहा जागा एकदम भरायच्या असतील आणि सगळ्यांनी मतदान केलं तर जिंकायला ४२ मतं लागतात: २८८ भागिले सात, अधिक एक. मत पक्षाच्या प्रतिनिधीला दाखवून टाकायचं असतं, त्यामुळे खरा निर्णय चार-दोन माणसांच्या खोलीत होतो. ही वाट मागून मिळत नाही. तिच्यावर आयुष्याचं नियोजन करू नका.

लोकसभेचा अर्ज

वय २५. अनामत २५,००० रुपये, अनुसूचित जाती-जमातींना १२,५००. वैध मतांच्या एक षष्ठांश मतं मिळाली नाहीत तर जप्त. मान्यताप्राप्त पक्षाच्या उमेदवाराला मतदारसंघातला एक सूचक, बाकीच्यांना दहा. चार संच भरता येतात; चारही संचांत सूचक वेगळे ठेवा, म्हणजे एकाच्या नावात गोंधळ निघाला तरी दुसरा संच टिकतो.

कागद तिकिटाआधी तयार लागतात. २०२४ मध्ये ठाण्यात अर्जाची शेवटची तारीख ३ मे होती आणि नरेश म्हस्केंचं नाव १ मे रोजी जाहीर झालं. दोन दिवसांत नमुना २६ चं प्रतिज्ञापत्र कोणी करू शकत नाही. त्यात स्वतःची, जोडीदाराची आणि अवलंबितांची मालमत्ता, कर्जं, पाच वर्षांचं आयकर उत्पन्न आणि गुन्हे लिहायचे असतात. सरकारी निवासस्थान वापरलेलं असेल तर त्याचं थकबाकी नसल्याचं प्रमाणपत्र जोडायचं असतं. रकाना मोकळा सोडायचा नाही, ‘निरंक’ किंवा ‘लागू नाही’ लिहायचं. मोकळे रकाने भरण्याची सूचना देऊनही ते भरले नाहीत तर अर्ज बाद होतो.

शेवटच्या दिवशी दुपारी तीनला दार बंद होतं, आणि एबी फॉर्म, म्हणजे पक्षाच्या अधिकृत उमेदवारीचा कागद, तोही तोवर पोचावा लागतो, मूळ शाईच्या सहीचा. छायाप्रत चालत नाही. निवडणूक अधिकाऱ्याच्या दालनात उमेदवारासह पाच जण जातात, शंभर मीटरच्या आत तीन वाहनं. मिरवणूक ट्रॅफिकमध्ये अडकते म्हणून एक संच आदल्या दिवशी शांतपणे भरून ठेवावा, हवं तर दुसरा वाजतगाजत भरावा. अर्ज दिल्यावर शपथ घ्यायची असते, छाननीच्या आदल्या दिवसापर्यंत. गर्दीत ती राहून जाते आणि बाकी सगळं बरोबर असलेला अर्ज तेवढ्यासाठी जातो.

खर्चाची मर्यादा ९५ लाख. स्वतंत्र बँक खातं अर्जाच्या किमान एक दिवस आधी उघडायचं, सगळा खर्च त्यातून. एका माणसाला किंवा दुकानाला पूर्ण निवडणुकीत १०,००० पेक्षा जास्त रोख देता येत नाही. चहा, वडापाव, खुर्ची, मंडप या सगळ्यांचा दर निवडणूक यंत्रणा ठरवून देते आणि तुमच्या सभेचं चित्रीकरण करून खुर्च्या मोजते. तुमच्या नोंदवहीत दोनशे आणि त्यांच्याकडे पाचशे असतील तर पाचशेच धरल्या जातात. प्रचारकाळात ही वही तीनदा तपासायला न्यावी लागते. यासाठी प्रचारात नसलेला एक माणूस पहिल्या दिवसापासून बसवा, शक्यतो हिशोबनीस.

निकाल लागल्यापासून ३० दिवसांत अंतिम हिशोब जिल्हा निवडणूक अधिकाऱ्याकडे द्यायचा असतो. जिंकलेल्याचा कोणीतरी देतोच. हरलेल्याच्या कार्यालयाला पंधरा दिवसांत कुलूप लागलेलं असतं, बिलं मंडपवाल्याकडे पडलेली असतात आणि नोटीस रिकाम्या पत्त्यावर येते. हिशोब दिला नाही तर आयोग ३ वर्षांपर्यंत अपात्र ठरवू शकतो. म्हणून हिशोबनिसाचा पगार मतमोजणीनंतरचा एक महिना धरूनच ठरवा.